मॅजेस्टी पाम नदीकाठचा खरा, पण म्हणून कुंडी पाण्यात ठेवू नका

झाडांच्या ग्रुपवर एक मेसेज सतत फिरतो. त्याचा मथितार्थ असा: घरात कुंडीत लावला जाणारा मॅजेस्टी पाम मूळचा नदीकाठचा, म्हणून कुंडीखालची ताटली कायम पाण्याने भरलेली ठेवा. अंधाऱ्या कोपऱ्यातही तो छान वाढतो. झावळ्या पिवळ्या पडल्या की कापून टाका आणि एप्सम सॉल्ट घाला. दिवसातून दोनदा फवारा मारा. शिवाय खोलीतली हवा शुद्ध होते.

यातलं ‘नदीकाठचा’ एवढंच खरं आहे, आणि तेही अर्धवट समजून घेतलेलं.

या पामचं शास्त्रीय नाव राव्हेनिया रिव्ह्युलॅरिस. १९१३ मध्ये जुमेल आणि पेरिए या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञांनी त्याचं वर्णन केलं. मादागास्करच्या नैऋत्येला, मांगोकी आणि ओनिलाही नद्यांच्या खोऱ्यांत तो वाढतो. हा भाग कोरडा आहे. पाऊस कमी आणि ऊन कडक. अशा ठिकाणी तो तगतो, कारण मुळं ओढ्याजवळ असतात. म्हणजे नदीकाठ म्हटलं की तीन गोष्टी आल्या: वाहतं पाणी, डोक्यावर ऊन आणि पाण्यासोबत येणारा गाळ. मेसेजवाल्यांनी यातलं पाणी तेवढं उचललं, आणि तेही साचवून ठेवलं.

‘ताटलीत कायम पाणी ठेवा.’ सर्वांत जास्त झाडं याच सल्ल्याने मरतात. मुळांना श्वसनासाठी प्राणवायू लागतो. वाहत्या पाण्यात तो सतत मिसळत राहतो, साचलेल्या पाण्यात काही दिवसांतच संपतो. कोकोपीटने गच्च भरलेल्या कुंडीत तर आणखी लवकर. कुंडीतून झाड काढून पाहा: निरोगी मूळ पांढरट आणि टणक असतं. कुजलेलं मूळ तपकिरी होतं, चिमटीत धरून ओढलं की वरची साल मोज्यासारखी निघून येते आणि हातात नुसता दोरा राहतो. गटारासारखा वास येत असेल तर शंकाच नको. गंमत अशी की मुळं कुजलेलं झाड पाण्याअभावी सुकल्यासारखंच दिसतं, म्हणून लोक आणखी पाणी घालतात.

हा पाम कोरडा पडू द्यायचा नाही, हेही तितकंच खरं. वरची ३-४ सेंमी माती बोटाला कोरडी लागू लागली की तळातून पाणी वाहेपर्यंत भरपूर घाला आणि अर्ध्या तासाने ताटली रिकामी करा. मिश्रण पाणी धरणारं पण मोकळं हवं: दोन भाग कोकोपीट, एक भाग पर्लाइट (माती मोकळी ठेवणारे हलके पांढरे खडे) किंवा जाड वाळू, एक भाग चांगलं कुजलेलं कंपोस्ट. कुंडी बदलताना खोड आधीपेक्षा खोल पुरू नका. खोल पुरलेल्या पाममध्ये लोह आणि मँगनीजची कमतरता हमखास दिसते.

‘अंधाऱ्या कोपऱ्यात चालतो.’ चालतो म्हणजे काही महिने साठवणुकीवर जगतो. नवी झावळी येणं मंदावतं, येते ती लांबट आणि अशक्त, आणि जुन्या झावळ्या एकेक करून जातात. घरातल्या सर्वांत उजेडाच्या खिडकीपासून मीटरभराच्या आत ठेवा. काही तास थेट ऊन मिळालं तर उत्तमच. मात्र सावलीतलं झाड एकदम कडक उन्हात नेलं तर पाती करपतात, त्यामुळे दोन-तीन आठवडे थोडंथोडं ऊन वाढवत न्या.

‘पिवळ्या झावळ्या कापा, एप्सम सॉल्ट घाला.’ आधी कोणती झावळी पिवळी आहे ते पाहा. सर्वांत जुन्या झावळ्यांवर पिवळे-नारिंगी ठिपके आणि पात्यांची टोकं जळलेली, तर पोटॅशियम कमी. जुन्याच झावळीच्या कडेने रुंद पिवळा पट्टा आणि मध्ये हिरवं, तर मॅग्नेशियम. नवी झावळी पिवळी पण शिरा हिरव्या, तर लोह, आणि कुंडीत त्याचं कारण बहुतेक वेळा गुदमरलेली मुळंच असतात. एप्सम सॉल्ट म्हणजे मॅग्नेशियम सल्फेट. पोटॅशियमच्या कमतरतेवर ते ओतलं तर ती आणखी वाढू शकते. कापण्याचंही तसंच. पोटॅशियम कमी असताना पाम ते जुन्या झावळीतून काढून नव्या झावळीला पुरवतो. अर्धी हिरवी झावळी कापली की तो त्याच्या वरच्या झावळीतून काढू लागतो. पूर्ण वाळलेलीच कापा. खत पामसाठीचं, हळूहळू सुटणारं, पोटॅश भरपूर आणि सोबत मॅग्नेशियम, मँगनीज, लोह असलेलं घ्या.

‘दोनदा फवारा मारा.’ त्याने हवेतली आर्द्रता काही मिनिटंच वाढते. कोरड्या खोलीत खरा शत्रू लाल कोळी ही बारीक कीड. पात्याच्या मागे बारीक ठिपके आणि जाळी दिसली तर झावळ्यांची मागची बाजू पाण्याच्या धारेने धुवा, आणि दर ५-७ दिवसांनी असं तीन-चार वेळा करा.

हवा शुद्ध होण्याबद्दल थोडक्यात: २०१९ मध्ये कमिंग्ज आणि वॉरिंग या संशोधकांनी आधीच्या प्रयोगांचा आढावा घेतला. इमारतीत एरवी होणाऱ्या हवा खेळण्याची बरोबरी करायला दर चौरस मीटरला १० ते १००० झाडं लागतील, असा त्यांचा हिशेब निघाला.

मेसेज वाचून कुंडी आधीच पाण्यात ठेवली असेल तर आज ताटली काढा, सुटी झालेली कुजकी मुळं काढून मोकळ्या मिश्रणात लावा, टणक मुळांना कात्री लावू नका आणि नवी वाढ दिसेपर्यंत खत देऊ नका. जळलेली टोकं पुन्हा हिरवी होत नाहीत, त्यामुळे त्यांच्याकडे पाहत बसू नका. मधली मिटलेली सुरळी, म्हणजे न उलगडलेली नवी झावळी, बघा. तिच्यावर पेनने खूण करा. दोन-तीन आठवड्यांत खूण वर सरकली तर झाड जगतंय. सुरळी हलक्या हाताने ओढताच निघून आली तर शेंडा कुजला आहे, आणि या पामला दुसरा शेंडा फुटत नाही.