पांढऱ्या पायाचा पाठीराखा

वृत्तपत्रांत फुटबॉल लीगचा जो गुणतक्ता छापला जातो, त्यात सामने, विजय, बरोबरी, पराभव, गोल आणि गुण एवढेच रकाने असतात. सदाशिव पेठेतील अमुक गृहस्थ मैदानावर हजर होते की नव्हते, याचा रकाना त्यात नसतो, आणि तो नसतो म्हणूनच मी या शहरात अद्याप मान वर करून हिंडू शकतो.

आपले पाय पांढरे आहेत, हे माझ्या ध्यानात आले ते २०१५ साली. तोवर मी पुणे एफसी या संघाचा साधासुधा पाठीराखा होतो. २००७ साली निघालेला हा संघ २०१२-१३ च्या आय-लीग या राष्ट्रीय लीगमध्ये चर्चिल ब्रदर्सच्या पाठोपाठ दुसरा आला, तेव्हा मी त्याच्यावर मनापासून जीव लावला, आणि दोन वर्षांत त्यांचा वरिष्ठ संघ बंद झाला. त्याच २०१४-१५ च्या मोसमात भारत एफसी नावाचा दुसरा संघही बालेवाडीलाच खेळत असे. एक डोळा अधू झाला तर दुसरा असावा, या व्यवहारी विचाराने मी त्याच्यासाठीही टाळ्या वाजवल्या. तो संघ तळाला राहिला आणि त्या एकाच मोसमानंतर इतिहासजमा झाला. मग मी डीएसके शिवाजियन्सकडे वळलो. त्यांनी आय-लीगमध्ये दोन मोसम काढले, म्हणजे माझ्या हिशेबाने दीर्घायुष्यच म्हणायचे. इंग्लंड-स्पेनमधला पाठीराखा आपला संघ खालच्या श्रेणीत ढकलला जाईल या धास्तीने रात्री तळमळतो, असे मी ऐकतो. मला त्याचा हेवा वाटतो. खालच्या श्रेणीत का होईना, त्याचा संघ असतो.

माझा मेव्हणा कोल्हापूरचा आहे, म्हणजे फुटबॉल हा त्याच्या माहेरचा विषय आहे. तो दर दिवाळीला येतो आणि फराळाबरोबर माझाही समाचार घेतो. "दाजी, तुमच्या पुण्यात टीम म्हणजे भाड्याचं घर," तो कडबोळे मोडत म्हणाला, "अकरा महिन्यांचा करार, पुढचं पुढं. आमच्याकडं तालमीची टीम बंद पडली तर अख्खी पेठ बंद पडली म्हणून समजा." यावर मला उत्तर सुचले नाही, कारण नेमक्या त्याच वर्षी, म्हणजे २०१७ साली, शिवाजियन्सही उरले नव्हते आणि पुण्याच्या पदरात एफसी पुणे सिटी हा इंडियन सुपर लीगमधला एकच संघ राहिला होता. या संघावर आपण जीव लावायचा नाही, असा निश्चय मी मेव्हण्यासमक्ष केला. सामने पाहायचे, पण परक्याच्या लग्नात जेवल्यासारखे. पंगतीला बसायचे, मात्र आहेराची चौकशी करायची नाही.

आईला हे सारे समजावताना वेगळीच पंचाईत झाली. देशात राष्ट्रीय लीग एकच असणार, अशी तिची भाबडी समजूत होती. त्या वर्षी आय-लीग आणि इंडियन सुपर लीग अशा दोन लीग एकाच वेळी चालू होत्या. एकीचा विजेता आशियाच्या चॅम्पियन्स लीगच्या पात्रता फेरीकडे जाणार होता, तर दुसरीचा एएफसी कप या आशियाच्याच दुय्यम स्पर्धेकडे. आईने शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, "मग यातला मानाचा पहिला कोणता?" भारतीय फुटबॉल महासंघाला जो प्रश्न वर्षानुवर्षे सुटत नव्हता, तो तिने वाती वळता वळता अचूक मांडला होता.

इंडियन सुपर लीगचा मोसम दहा संघांचा होता. साखळीत प्रत्येकाचे १८ सामने, पहिले चार उपांत्य फेरीत. आमच्याकडे पोपोविच हे सर्बियन प्रशिक्षक होते, आदल्या मोसमात दिल्लीकडून १० गोल करून गोल्डन बूट पटकावणारा ब्राझीलचा मार्सेलिनो होता आणि उरुग्वेचा अल्फारो होता. अशी मंडळी असताना अलिप्त राहणे किती कठीण जाते, हे ज्याला श्रावणातल्या सोमवारी शेजारच्या घरातून तळणाचा वास आला आहे त्यालाच कळेल.

पहिला सामना २२ नोव्हेंबरला, बुधवारी रात्री, दिल्लीविरुद्ध होता. बुधवारी संध्याकाळी सदाशिव पेठेतून स्कूटरवर बालेवाडीला जाणे हा प्रवास नसून तपश्चर्येचा एक प्रकार आहे. विद्यापीठ चौकापर्यंत माणूस फुटबॉलप्रेमी असतो, बाणेर रस्त्याला लागेपर्यंत तो वेदान्ती होतो, आणि महामार्गाजवळ पोहोचेतो त्याला आपण कशासाठी निघालो होतो हेच आठवत नाही. शिवाय श्री शिवछत्रपती क्रीडा संकुलाचे हे मैदान १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांसाठी बांधलेले असल्यामुळे प्रेक्षक आणि खेळ यांच्यामध्ये धावपट्टी पसरलेली आहे. पलीकडच्या कोपऱ्यात चाललेले डावपेच मला नारायण पेठेतून ओंकारेश्वराची आरती पाहावी तितपतच दिसतात. खेळाडू ओळखायचे ते केसांवरून, आणि गोल झाला की नाही हे शेजाऱ्याच्या चेहऱ्यावरून.

पूर्वार्ध गोलशून्य गेला. मध्यंतरात मी भुईमुगाच्या शेंगांची पुडी उघडली आणि शेजारच्या अनोळखी गृहस्थांना, केवळ सौजन्य म्हणून, "आज आपण जिंकतो असं दिसतंय," असे म्हणालो. 'आपण' हा शब्द तोंडातून निसटला. उत्तरार्ध सुरू होतो न होतो तोच दिल्लीने पहिला गोल केला, मग दुसरा, मग तिसरा. आम्ही दोन फेडले, परंतु सामना २-३ असा गेला. त्या गृहस्थांनी परतीच्या वाटेवर माझ्याकडे पाहिले नाही.

चारच दिवसांनी संघ कोलकात्याला गेला. त्या संध्याकाळी मी एका मंगल कार्यालयात मठ्ठ्याच्या पिंपापाशी उभा होतो, आणि तिकडे पुण्याने ४-१ असा विजय मिळवला. मला आनंद झाला, तरी आत कुठेतरी पाल चुकचुकली. पुढे २९ नोव्हेंबरला मुंबईविरुद्धचा सामना होता. पुणेकराला मुंबईशी सामना म्हणजे काय, हे सांगायला नको. मी कचेरीतून अर्ध्या दिवसाची रजा टाकली. मुंबईने आधी गोल केला, अल्फारोने तो पेनल्टीवर फेडला, आणि १-१ अशा स्थितीत मी पार्किंगमधली गर्दी टाळण्यासाठी निघालो. स्कूटरला किल्ली लावली, हेल्मेटचा पट्टा अडकवत होतो, तोच मागून असा गजर उठला की आजूबाजूची कुत्री उठून उभी राहिली. भरपाईच्या वेळेत अल्फारोने विजयी गोल केला होता. त्या मोसमातील आमच्या घरच्या मैदानावरच्या पहिल्यावहिल्या विजयाच्या क्षणी मी एका सार्वजनिक वाहनतळावर हेल्मेट घालून, एका कुत्र्याच्या नजरेला नजर देत उभा होतो.

यानंतर मी हिशेब ठेवू लागलो. कचेरीतील एका जुन्या वहीच्या मागच्या पानावर दोन रकाने आखले: 'मी होतो' आणि 'मी नव्हतो'. चेन्नईविरुद्ध मी होतो. आम्ही ०-१ ने हरलो. जमशेदपूरला मी नव्हतो. १-० ने जिंकलो. बेंगळुरूविरुद्ध होतो, १-३. गोव्याला नव्हतो, तेथे, भल्याभल्यांना घाम फुटतो त्या गोव्यात, आम्ही २-० ने जिंकलो. नाताळापर्यंतचा ताळेबंद असा होता की बालेवाडीतल्या चार सामन्यांत तीन पराभव आणि बाहेरच्या तीन सामन्यांत तीन विजय. जाणकार समालोचक याची कारणे मधल्या फळीत शोधत होते. मी वही मिटून ठेवली आणि कोणाशी काही बोललो नाही.

बोललो ते फक्त घरी. सौभाग्यवतींनी वही चाळली, चष्मा काढला आणि म्हणाल्या, "अहो, तुम्ही शेंगा खात बसलात म्हणून अकरा माणसं हरतात, असं तुम्हाला खरंच वाटतं? सोसायटीच्या सभेत तर तुमचं कोणी ऐकत नाही." युक्तिवाद बिनतोड होता. परंतु तो युक्तिवाद आहे, आणि माझ्याकडे आकडे आहेत, हे मी त्यांच्या लक्षात आणून दिले. ३० डिसेंबरला, नॉर्थईस्टविरुद्धच्या सामन्याला, प्रयोग म्हणून मी घरीच राहिलो. बालेवाडीत पुण्याने ५-० असा विजय मिळवला. मार्सेलिनोने तीन गोल केले. माझ्या तिकिटावर शेजारच्या काकांचा नातू गेला होता, तो रात्री उशिरा आला, आवाज पार बसलेला, गालांवर केशरी रंग, आणि मला पाहताच त्याने मिठी मारून घोगऱ्या स्वरात सांगितले, "आजोबा, तुम्ही यायला हवं होतं!" मला आजोबा म्हटल्याचे दुःखसुद्धा मला त्या क्षणी जाणवले नाही.

जानेवारी मी व्रतस्थ राहून काढला. त्यातच कोलकात्याचा संघ बालेवाडीला ३-० असा हरून गेला, म्हणजे व्रत फळत होते. तथापि २ फेब्रुवारीला केरळविरुद्ध सामना होता आणि सौ. हट्टाला पेटल्या: वहीतला हा खुळचटपणा संपवायचा असेल तर आज आपण दोघे जायचे. आम्ही गेलो. केरळने गोल केला, अल्फारोने पेनल्टीवर बरोबरी साधली, आणि भरपाईचा वेळ सुरू झाला तेव्हा सौ. विजयी मुद्रेने मला म्हणाल्या, "पाहिलंत? हरलो का?" तेवढ्यात सी. के. विनीतने गोल केला. सामना १-२. बाणेर रस्त्यापर्यंत त्या स्कूटरवर मागे गप्प होत्या. विद्यापीठ चौकातल्या सिग्नलला त्या म्हणाल्या, "ती वही फाडू नका."

साखळीअखेर ३० गुणांसह आम्ही चौथे आलो आणि पहिल्यांदाच उपांत्य फेरीत पोहोचलो. समोर ४० गुण मिळवून अव्वल ठरलेले बेंगळुरू होते. ७ मार्चला पहिला सामना बालेवाडीला, आणि आता घरात अलिप्तता या शब्दाचा उच्चारही कोणी करीत नव्हते. जावे तर संघ हरणार, न जावे तर आयुष्यभर रुखरुख. शेवटी तोडगा निघाला तो अस्सल पेठी: मी जायचे, परंतु पूर्वार्ध पाहून परतायचे. सामना ०-० असा सुटला. अर्ध्या उपस्थितीला अर्धे फळ मिळते, हे मी वहीत नोंदवले.

परतीचा सामना ११ मार्चला बेंगळुरूत झाला. बाहेरगावचा सामना म्हणजे मी सुरक्षित, या समजुतीने मी दूरदर्शन संचासमोर बसलो. बेंगळुरूच्या सुनील छेत्रीने पहिला गोल केला, मग पेनल्टीवर दुसरा. इतक्यात सौ.नी आतून दुधाकडे बघायला सांगितले. मी ओट्यापाशी, साय वर चढते आहे आणि आता उतू जाणार अशा बेताला गॅस बंद करीत होतो, तोच बाहेर समालोचक किंचाळला. जोनाथन लुक्काने फ्री किकवर पुण्याचा गोल केला होता! सौ. दारात आडव्या उभ्या राहिल्या. "बाहेर येऊ नका," त्या म्हणाल्या, "इथंच थांबा. हवं तर ताक घुसळा." मी पाच-सहा मिनिटे थांबलो. पण माणूस किती वेळ तापलेल्या दुधाकडे पाहणार? मी त्यांच्या खांद्यावरून डोकावलो, आणि छेत्रीने तिसरा गोल केला.

पुढला एक मोसम खेळून २०१९ मध्ये एफसी पुणे सिटीही बंद झाले आणि त्याची लीगमधली जागा हैदराबादला गेली. मेव्हण्याने त्या दिवाळीला काहीही म्हटले नाही, फक्त कडबोळ्यांचा डबा माझ्याकडे सरकवला. हे मला जास्त लागले. माझा पुतण्या नोकरीनिमित्त हैदराबादला असतो. त्याचा तातडीने फोन आला की काका, टीम इकडे आली आहे, तुम्ही राहायलाच या, आपण प्रत्येक सामना पाहू. मी प्रकृतीचे कारण सांगितले. पुढेही तो बोलवत राहिला आणि मी गुडघे, पित्त, आईचे पथ्य अशी कारणे सांगत राहिलो. २० मार्च २०२२ रोजी अंतिम सामना होता. आमच्या घरी त्या रात्री संच बंद होता आणि मी स्वयंपाकघरात उगाचच दूध तापवीत होतो. हैदराबाद पेनल्टी शूटआउटवर केरळला हरवून विजेते झाले. पुतण्याला अजूनही वाटते की काकांना त्या संघाबद्दल काहीच आपुलकी नाही.