सदुसष्ट म्हणजे नक्की किती?

आमच्या स्वयंपाकघरातला नळ गळायला लागला त्याला आज अठरा दिवस झाले. प्लंबर आलेला नाही, कारण प्लंबरला वेळेवर फोनच गेला नाही. पहिला फोन गेला बार्शीच्या एका पिठाच्या गिरणीत. यात दोष निम्मा आमच्या तिसरीतल्या ओवीचा आणि निम्मा मराठी भाषेचा.

झालं असं, की अण्णांनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, जुन्या डायरीतून प्लंबरचा नंबर वाचून दाखवला. अण्णा मोबाइल नंबरसुद्धा जोडीजोडीने सांगतात. "घे लिहून. अठ्ठ्याण्णव... सत्त्याऐंशी... त्रेपन्न..." अठ्ठ्याण्णव ओवीने बरोबर लिहिलं, कारण घरातले निम्मे नंबर त्यानेच सुरू होतात. पुढे मात्र तिने कानावर भरवसा ठेवला. सत्त्या म्हणजे सात, ऐंशी म्हणजे आठ, लिहिलं ७८. त्रेपन्नचे झाले ३५. मी फोन लावला आणि कुणाला बोलू न देता सुरुवात केली, "अहो, नळ गळतोय, कधी येताय?" घरघराटातून आवाज आला, "ताई, ज्वारी असली तर घेऊन या. नळाचं आमच्याकडं काय न्हाई."

ओवी इंग्रजी माध्यमात आहे. आम्ही दोघं मराठी माध्यमातले, घरात मराठीच बोलणारे, त्यामुळे पोरीचं मराठी आपोआप येईल अशी आमची खात्री होती. आलंही. "आई, उगाच माझं डोकं खाऊ नकोस" हे वाक्य ती कुठल्याही अनुवादाशिवाय म्हणते. आकडा आला की मात्र गाडी रूळ बदलते. "आजोबा, माझ्याकडे फॉर्टी टू गोट्या आहेत." अण्णा बेचाळीसच्या शोधात माझ्याकडे बघतात आणि मी गॅसकडे.

हे असंच चाललं असतं, पण मराठीच्या पेपरात 'अंक अक्षरी लिहा' असा पाच मार्कांचा प्रश्न येणार असल्याचं कळलं. नवऱ्याला त्याच मिनिटाला ऑफिसचा महत्त्वाचा कॉल आला. तो कॉल चार दिवस चालला.

वीसपर्यंत सगळं सुरळीत पार पडलं. मग मी उत्साहाच्या भरात म्हटलं, "आता सोप्पं आहे. पुढे नुसतं जोडत जायचं."

"मग ट्वेंटी सेव्हन?"

"सत्तावीस."

"म्हणजे थर्टी सेव्हन सत्तातीस."

"नाही. सदतीस."

"बरं. फॉर्टी सेव्हन सदचाळीस."

"सत्तेचाळीस."

पुढे सत्तावन्न आलं तेव्हा तिला बरं वाटलं, 'सत्ता' परत आली म्हणून. लगेच सदुसष्ट. मग सत्त्याहत्तर. एक बिचारा सात, दर दहा पावलांवर वेश बदलून उभा. सहाची गोष्ट तर सांगायलाच नको. सव्वीस, छत्तीस, सेहेचाळीस, छप्पन्न, सहासष्ट, शहात्तर. ही एकाच घरातली भावंडं आहेत हे शेजाऱ्यांनी सांगितल्याशिवाय कळायचं नाही. ओवीने पेन्सिल खाली ठेवून विचारलं, "हे कुणी ठरवलं?" तिसरीतल्या मुलीने विचारलेल्या प्रश्नाला 'आपल्या पूर्वजांनी' एवढंच उत्तर असतं, आणि त्याने पूर्वजांबद्दलचा आदर काही वाढत नाही.

इथे मला माझं पाप आठवलं. २०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात एकवीसच्या जोडीला 'वीस एक' आलं, तेव्हा किती गदारोळ झाला होता! प्रकरण पार विधानसभेत गेलं. गणितज्ञ मंगला नारळीकर बालभारतीच्या गणित समितीच्या अध्यक्ष होत्या. त्या शांतपणे सांगत होत्या, की बोलताना एकक आधी येतो, लिहिताना दशक आधी, आणि मुलं गोंधळतात ती तिथेच. जुनी नावं कुणी काढून घेतलेली नव्हती, शेजारून एक सोपी पायवाट काढून दिली होती एवढंच. पण ऐकतंय कोण? ओवी तेव्हा पाळण्यात होती आणि मी एका हाताने पाळणा हलवत दुसऱ्या हाताने त्यावरचे विनोद सगळ्या ग्रुपवर पुढे ढकलत होते. आता ते सगळे व्याजासकट बार्शीच्या गिरणीतून दळून परत आलेत.

खरं सांगायचं तर माझंही पितळ तिथेच उघडं पडलं. भाजीवाल्या मावशी "एकोणसत्तर झाले" म्हणाल्या की माझ्या डोक्यात सत्तरची घंटा वाजते आणि बोट ७९ टाइप करतं. मावशी प्रामाणिक म्हणून दहा रुपयांची कोथिंबीर वर टाकतात. आमच्या फ्रिजमध्ये कोथिंबीर कायम का सडते, याचं मूळ भाषाशास्त्रात आहे.

शेवटी अण्णा मैदानात उतरले. अण्णांची पिढी पावकी, निमकी, दिडकी, औटकी या अपूर्णांकांच्या पाढ्यांवर वाढलेली. औट म्हणजे साडेतीन, हे मला लग्नानंतर कळलं. त्यांनी आधी घड्याळ घेतलं. साडेतीन, साडेचार, साडेपाच छान जमलं.

"मग साडेएक का नाही?" ओवी.

"त्याला दीड म्हणतात."

"आणि साडेदोन?"

"अडीच."

"मग साडेतीनला पण काहीतरी म्हणा ना."

"औट!" अण्णा म्हणाले. त्यांच्या चेहऱ्यावर इतका आनंद मी पेन्शन वाढली तेव्हाही पाहिला नव्हता. ओवीला वाटलं आजोबांनी तिला बाद केलं. ती रडत बाहेर गेली.

पण अण्णांनी एक गोष्ट मात्र तिच्या डोक्यात पक्की बसवली. एकोण म्हणजे एक उणा, एक कमी. एकोणतीस म्हणजे तिसाला एक कमी. एकोणसाठ म्हणजे साठाला एक कमी. हे ऐकल्यावर ती एकदम ताठ बसली. एवढ्या जंगलात पहिल्यांदाच कुणीतरी नियम दाखवला होता. त्या दिवसापासून घरात सगळंच एकोण झालं. पोळीचा तुकडा उरला की 'एकोण पोळी'. बाबा जेवायला वेळेवर आला नाही की 'आज आपण एकोणचार'.

पेपर झाला. पाचपैकी चार मिळाले. सदुसष्ट बरोबर, शहाऐंशी बरोबर, 'अठ्ठ्याहत्तर'मधले सगळे ठ आणि ठ्य जागच्या जागी, जे मी स्वतः अजूनही बोटांनी हवेत काढून बघते. चुकलं ते ९९. तिथे स्वच्छ अक्षरात लिहिलं होतं, 'एकोणशंभर'. त्यावर लाल फुली.

"आई, शंभराला एक कमी. मग चुकलं कुठे?"

मी अण्णांकडे पाहिलं. अण्णांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा घातला, पेपर जवळ नेऊन वाचला आणि म्हणाले, "मी असतो तर पाऊण मार्क दिला असता."

नंबर दुरुस्त करून प्लंबरला फोन केला. तो म्हणाला, सोमवारी येतो. कुठल्या सोमवारी ते बोलला नाही. बार्शीवाल्यांचा मात्र परवा स्वतःहून फोन आला, "नळ झाला का ताई?"

काल रात्री दिवे मालवल्यावर स्वयंपाकघरातून टपटप ऐकू येत होती. ओवी माझ्या कुशीत पडल्या पडल्या थेंब मोजत होती. पुटपुटत, पण मराठीतून. "पंच्याण्णव... शहाण्णव... सत्त्याण्णव... अठ्ठ्याण्णव..." मी श्वास रोखून धरला.

"एकोणशंभर... शंभर."

मी काही बोलले नाही. पुन्हा एकपासून सुरू झालं.