मुकी फीत, गाजावाजाची मिरवणूक

2025 मध्ये पुण्याची विसर्जन मिरवणूक तीस तासांवर चालली आणि आमच्या घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर नेहमीचं भांडण पेटलं. काकांचं पालुपद ठरलेलं: "आमच्या वेळी भक्ती होती, आता सगळं कॅमेऱ्यासाठी."

मी राहतो मँचेस्टरजवळ. इथल्या कॅथलिकांच्या मिरवणुकीची शंभराहून जास्त वर्षं जुनी मूक फीत त्यांना पाठवून दिली. ब्लॅकबर्नच्या मिचेल आणि केन्यन या जोडीचं ते चित्रण. त्यांची आठशेच्या वर निगेटिव्ह रिळं 1994 साली एका दुकानाच्या तळघरात पिंपांत भरलेली सापडली.

पेंटेकॉस्ट या ख्रिस्ती सणानंतर सोमवारी अँग्लिकन, म्हणजे चर्च ऑफ इंग्लंडची मंडळी निघत, शुक्रवारी कॅथलिक. त्यांत आयर्लंडहून आलेली घरं भरपूर. आम्हीही या गावातले आहोत, हे रस्त्यावर दाखवायचा तो दिवस. पोरांना नवे कपडे, शेजारीपाजारी खिशात पेनी टाकायचे. मुली पांढऱ्या झग्यांत, आणि भलामोठा बॅनर वाऱ्यानं उलटू नये म्हणून चहूबाजूंनी दोऱ्या ताणून धरलेली माणसं. या जोडीच्या फितींत टोप्या उंचावणारे आणि कॅमेऱ्याकडे टक लावून बघणारे तर हमखास! धंदाच तसा होता: गर्दीचं चित्रण करायचं आणि त्याच गर्दीला तिकीट लावून दाखवायचं. म्हणजे रीलचा सोस आजकालच्या पोरांनी आणलेला नाही.

काका म्हणाले, "पण किती शांत आहे बघ." अहो, फीत मुकी आहे, मिरवणूक नव्हती! ब्रास बँड जोरात वाजत असत. आपल्याकडे सुरुवातीच्या काळात चित्रपट काढणाऱ्या सावे दादांनी 1901 साली रँग्लर परांजप्यांच्या स्वागताचं मुंबईत चित्रण केलं होतं, ते आज उरलेलं नाही. आपल्या जुन्या गर्दीचं असं काही हाताशी नसलं की 'आमच्या वेळी'ला आडकाठी करणारं कोणी उरत नाही.

एका बाबतीत मात्र मी काकांच्या बाजूचा. बँडवाले वाजवत वाजवत पुढे सरकत. आपल्याकडे डीजेची गाडी एकाच चौकात तासभर ठाण मांडते, वरच्या मजल्यावरच्या आजारी माणसानं जायचं कुठे? मंडळांनी प्रत्येक चौकातल्या मुक्कामाला वेळ बांधून घ्यावी आणि पोलिसांनी ती पाळायला लावावी. मोबाइल उंचावून नाचणाऱ्यांना तेवढं सोडा.