स्टोरीबोर्ड असला की संकलकाचं काम संपत नाही
"कोरियन दिग्दर्शक बोंग जून-हो प्रत्येक शॉटचं चित्र (स्टोरीबोर्ड) आधीच काढून ठेवतात, त्यामुळे संकलक यांग जिन-मो यांच्यासाठी फारसं काही उरत नाही," हे तुमच्या लेखातलं वाक्य मला अजिबात पटलं नाही. उलट, जादाचे शॉट घेतलेलेच नसतात, तेव्हा चूक झाकायला दुसरा अँगल मिळत नाही. बोंग यांच्या 'पॅरासाइट' चित्रपटात यांग यांनी एकाच फ्रेममधल्या दोन नटांचे वेगवेगळे टेक, म्हणजे त्याच शॉटची वेगवेगळ्या वेळची चित्रीकरणं, जोडली आहेत, आणि ते सांधे आपल्याला दिसतही नाहीत. घरकाम करणाऱ्या बाईला घालवण्यासाठी पीचच्या सालीवरची लव वापरून रचलेला तो सगळा डाव पुन्हा बघा, कट संगीताशी कसे जुळून येतात ते. हे कागदावरच्या चित्रातून आपोआप येत नाही.

दुसरं म्हणजे, कोरियात चित्रीकरण चालू असतानाच सेटवर कच्चं संकलन करणारा माणूस असतो. यांग त्याच वाटेने वर आले, हे लेखात यायलाच हवं होतं. मी मालिकांचं संकलन करते. आमच्याकडे फुटेज येतं तेव्हा सेट मोडलेला असतो, राहिलेला क्लोजअप मागायचा कुणाकडे? २०२० मध्ये ऑस्कर नामांकन मिळालेल्या माणसाला निव्वळ जोडकाम करणारा ठरवू नका.