नागपूरच्या महालातल्या रात्रीच्या फेरीवरच्या त्या मेसेजला उत्तर

गेल्या पंधरा दिवसांत एकच मेसेज मला सात-आठ ग्रुपवर आला. त्यात म्हटलंय ते थोडक्यात असं: नागपुरात रात्री 'काळा इतिहास' दाखवणाऱ्या नाट्यफेऱ्या निघू लागल्या आहेत. कंदील घेतलेला सूत्रधार, जुन्या पोशाखातले नट आणि त्यांच्यामागे पंचवीस-तीस माणसं. हे युरोपातून उचललेलं फॅड आहे. नागपूर जेमतेम तीनशे वर्षांचं, त्याला मध्ययुगच नाही, म्हणून दाखवायला फक्त भुतं उरतात. हा जादूटोणाविरोधी कायद्याखाली गुन्हा आहे. शिवाय यात राजघराण्याची बदनामी होते, आणि नाटक शिरलं की इतिहास संपतो.

मी महालातच, म्हणजे नागपूरच्या या जुन्या वस्तीतच, वाढलो. अशा दोन फेऱ्या मी पायी केल्या आहेत, एक वाईट आणि एक फार चांगली. त्यामुळे गप्प बसवत नाही.

'मध्ययुगच नाही' या मुद्द्यापासून सुरुवात करतो, कारण बाकीचे मुद्दे त्याच्यावरच उभे आहेत. वर्धा जिल्ह्यातल्या देवळीला सापडलेला राष्ट्रकूट राजा तिसरा कृष्ण याचा ताम्रपट इ.स. 940 चा आहे. त्यात 'नागपूर-नंदिवर्धन' या विषयातलं, म्हणजे त्या काळच्या प्रांतातलं, एक गाव दान दिल्याची नोंद आहे. नंदिवर्धन म्हणजे रामटेकजवळचं आपलं नगरधन. हे नाव हजार वर्षांहून जुनं आहे. शहर म्हणून नागपूर वसवलं छिंदवाड्याकडच्या देवगडच्या गोंड राजानं, बख्त बुलंद शाहनं, 1702 च्या सुमारास, बारा वाड्या एकत्र करून. त्याचा मुलगा चांद सुलतान यानं कोट बांधला आणि आज ज्याला आपण शुक्रवारी तलाव म्हणतो तो तलावही केला. त्यानंतरची शंभर वर्षं वाचा. 1739 च्या सुमारास चांद सुलतान गेला आणि त्याच घराण्यातल्या वली शाहनं गादी बळकावली; त्यात चांद सुलतानाचा मुलगा मीर बहादूर मारला गेला. चांद सुलतानाची विधवा राणी रतनकुंवर हिनं वऱ्हाडातून रघुजी भोसल्यांना मदतीला बोलावलं आणि 1743 पर्यंत सत्ता भोसल्यांच्या हातात आली. 1775 मध्ये उमरेड रस्त्यावरच्या पाचगावला रघुजींचे मुलगे साबाजी आणि मुधोजी समोरासमोर आले, आणि मुधोजीनं साबाजीला स्वतः गोळी घातली. 1817 च्या फेब्रुवारीत गादीवर असलेल्या परसोजी भोसल्यांचा राजवाड्यातच, रात्री, खून झाला. ते आजारी, दुबळे होते. चुलतभाऊ आप्पासाहेब त्या वेळी चांद्याला, म्हणजे आजच्या चंद्रपूरला, होते, पण त्यांच्यावरचा संशय कधी पुसला गेला नाही. पुस्तकात याला मध्ययुग म्हणा किंवा त्याची अखेर म्हणा, एवढं घडलेल्या गावात भूत आणून बसवायची वेळच येत नाही.

परदेशी फॅड म्हणाल, तर इंग्लंडातल्या यॉर्कमध्ये 1973 पासून रात्रीच्या फेऱ्या निघतात, हे खरं. पण त्या शहराकडे दाखवण्यासारखं काय आहे तेही पाहा. 1190 मध्ये जमावाच्या भीतीनं तिथले ज्यू किल्ल्याच्या मनोऱ्यात शिरले आणि जवळजवळ दीडशे जण तिथेच मेले. प्रागच्या चौकात 27 पांढरे क्रूस फरशीत बसवलेत, 1621 साली तिथे मारलेल्या 27 माणसांसाठी. लोकांना तिथवर चालत नेऊन उभं करणं ही पद्धत त्यांची असेल. रात्रभर जागून गोष्ट पाहणं मात्र आपल्याला कोणी शिकवलेलं नाही. पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत दिवाळीनंतर रात्री दहाला पडदा उघडतो आणि पहाटेपर्यंत नाटक चालतं. खडी गंमत, दंडार, गोंधळ हे सगळं रात्रीचंच. आणि मे महिन्यात पंचेचाळीस डिग्रीत दिवसा कोण फिरणार? आपलं अर्धं गाव उन्हाळ्यात अंधार पडल्यावरच घराबाहेर पडतं.

आता भुतं. इथे मेसेजवाल्यांचं अर्धं म्हणणं मला पटतं. मी केलेली पहिली फेरी अशीच होती. एका विहिरीपाशी नेऊन तिथल्या माणसानं सांगितलं की दर अमावास्येला एक नवरी इथे दिसते. मी विचारलं, कोण, कोणत्या साली, कुठे लिहिलंय? त्याच्याकडे उत्तर नव्हतं. पोरं किंचाळली, मोबाईलवर शूटिंग झालं, आणि मला मनापासून वाईट वाटलं, कारण तिथून दोनशे पावलांवर खरी जागा होती आणि तिचं नावही कोणी काढलं नाही. लंडनमध्ये 'जॅक द रिपर'च्या 1888 च्या खुनांवर ज्या फेऱ्या निघतात त्यांच्यावरही हीच टीका होते, की मारल्या गेलेल्या बाया बाजूला राहतात आणि खुनी हिरो होतो. अशी फेरी बंद पडली तर मला दुःख होणार नाही. पण 2013 चा कायदा वाचा. भुताखेताच्या नावानं धमकावणं, फसवणं, मारहाण करणं, लुबाडणं यासाठी तो आहे. 1817 साली राजवाड्यात खून झाला असं सांगणं त्यात कुठेच येत नाही. 'पुरावा दाखवा' म्हणणारी अखिल भारतीय अंधश्रद्धा निर्मूलन समिती 1982 मध्ये याच शहरातून उभी राहिली. तोच प्रश्न फेरीवाल्यांना विचारायचा, फेरीच बंद करायची नाही.

'नाटक शिरलं की इतिहास संपतो' हे वाक्य ऐकायला पटतं. पण इतिहास बिघडायला नाटकच लागतं असं नाही. 1923 च्या एप्रिल-मे महिन्यांत गांधीजींना सीताबर्डीच्या किल्ल्यात कैदेत ठेवलं होतं, असं कितीतरी ठिकाणी सरळ माहिती म्हणून छापलेलं आहे. त्या वेळी नागपुरात झेंडा सत्याग्रह पेटला होता हे खरं, पण गांधीजी मार्च 1922 मध्ये पकडले गेले आणि फेब्रुवारी 1924 मध्ये सुटले, आणि तो काळ त्यांनी येरवड्याच्या तुरुंगात काढला. हाच किल्ला लोक 'मध्ययुगीन' म्हणूनही सांगतात, आणि तो बांधला इंग्रजांनी, 1817 ची भोसल्यांविरुद्धची लढाई जिंकल्यावर. यात कुठे नट नाही, कंदील नाही, तरी चूक आहेच.

दुसऱ्या फेरीत मात्र मला नाटकाचं मोल कळलं. रात्रीचे साडेनऊ वाजले होते आणि आम्ही गांधी गेटच्या कमानीत उभे होतो. लहानपणापासून मी तिथून सायकल, मग लुना, मग स्कूटर घेऊन गेलोय, हॉर्न मारत, वर न बघता. हा जुना शुक्रवारी दरवाजा. इंग्रजांच्या कागदात जुम्मा दरवाजा. सूत्रधारानं सांगितलं, सीताबर्डीची लढाई 1817 च्या 26 आणि 27 नोव्हेंबरला झाली, डिसेंबरच्या मध्यात भोसल्यांची फौज मोडली, पण शहरातल्या अरब शिपायांनी कोट सोडला नाही. 24 डिसेंबरला इंग्रज जनरल डव्हटनच्या फौजेनं याच दरवाजावर हल्ला केला आणि तो फसला. अटी मान्य झाल्यावर 30 तारखेला अरब बाहेर पडले. एवढं सांगून तो बाजूला झाला. एका तरुण नटानं कमानीच्या दगडावर तळहात टेकवला आणि हळूच म्हणाला, "बायकापोरं आत आहेत." बाकी काही बोललाच नाही. मागून एक ऑटो आला, त्यानं हॉर्न दिला नाही, इंजिन बंद करून थांबला. पानठेल्यावरचे दोघे उठून आले. मीही जाऊन दगडाला हात लावला. दिवसभरच्या उन्हानं तो रात्रीही कोमट होता.

राजघराण्याच्या बदनामीचा मुद्दा मला सगळ्यात जास्त बोचतो. बदनामी म्हणत असाल तर ती आपण दरवर्षी करतो, भर दिवसा, लाखोंच्या गर्दीत. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी काळी मारबत, म्हणजे बाईचा भला मोठा पुतळा, मिरवत निघते, 1881 पासून. पिवळी 1885 पासून. "इडा पिडा घेऊन जा गे मारबत" म्हणत आपण तिला नेतो आणि जाळतो. मीही नाचलोय त्यात, आणि ती परंपरा मला प्रिय आहे. पण काळी मारबत म्हणजे बाकाबाई, इंग्रजांना मिळालेली राणी, असं लहानपणी सांगितलं गेलं, आणि त्यापुढे कोणी काही सांगितलं नाही. रघुजी दुसरे यांची ही राणी. तिनं परसोजींचा खून पाहिला, आप्पासाहेबांची पडझड पाहिली, मग लहान वयाच्या तिसऱ्या रघुजीसाठी कारभार पाहिला. डिसेंबर 1853 मध्ये तो रघुजी मुलाविना गेला आणि पुढच्या वर्षी डलहौसीनं राज्य खालसा केलं. हत्ती-घोडे सीताबर्डीला मातीमोल विकले गेले, दागिने कलकत्त्याला लिलावात. 13 जून 1857 च्या रात्री शहरातून आगीचा फुगा वर चढला की इंग्रजांच्या चाकरीतल्या घोडदळानं उठायचं, असं ठरलं होतं. बेत आधीच फुटला, पुढाऱ्यांना फाशी झाली. आणि म्हाताऱ्या बाकाबाईनं आपल्या माणसांना बंडात पडू नका म्हणून बजावलं. दुसऱ्या वर्षी तीही गेली.

फेरीच्या शेवटी एका वाड्याच्या ओट्यावर पांढरं लुगडं नेसलेली नटी बसली होती आणि बाकाबाई म्हणून बोलत होती. तिनं माफी मागितली नाही, आपण बरोबर होतो असंही म्हटलं नाही. कोणता हत्ती किती रुपयांना गेला ते आठवायचा प्रयत्न करत राहिली आणि मध्येच थांबली. आकडे नाटकातले होते आणि सूत्रधारानं नंतर तसं सांगितलंही. माझ्या शेजारी उभे असलेले एक काका दरवर्षी मारबतीच्या तयारीला जातात. ते डोळे पुसत होते. यात बदनामी कोणाची झाली? 2025 मध्ये राज्य सरकारनं पहिल्या रघुजी भोसल्यांची तलवार लंडनच्या लिलावातून 47.15 लाखांना परत आणली तेव्हा आपण सगळ्यांनी अभिमानानं फोटो पाठवले. ती तलवार बाहेर गेली कशी हे विचारायला लागलो की याच वाड्यांपर्यंत यावं लागतं.

एक तक्रार मेसेजमध्ये नाही, पण ती रास्त आहे. महालातल्या गल्ल्या अरुंद आहेत, माणसं राहतात तिथे, सकाळी पोरांची शाळा असते. त्यामुळे माईक नको, दहाच्या आत आटपा, आणि ज्यांच्या ओट्यावर उभं राहायचं त्यांना आधी विचारा. दुसऱ्या फेरीवाल्यांनी विचारलं होतं. त्या घरच्या आजी आधी "काहून एवढी गर्दी?" म्हणत बाहेर आल्या, मग दारातच बसून राहिल्या, आणि प्रयोग झाल्यावर त्या नटीला म्हणाल्या, "जेवली का माय? ये, बस आत."

पुढच्या वेळी पाचगावचा प्रसंग घेणार आहेत असं कळलं. तो मेसेज मला सगळ्यात आधी पाठवणाऱ्या काकांना मी कालच फोन केला. ते येतो म्हणालेत.