ओपनच्या जागा नक्की कुणाच्या?

भरतीचा निकाल लागला की अभ्यासिकांच्या टेलिग्राम ग्रुपवर ठरलेला मेसेज फिरू लागतो. त्याचा मतितार्थ असा: राखीव प्रवर्गातल्यांना फी माफ, वयात सूट, कटऑफ कमी, आणि एवढं सगळं घेऊन वर ओपनच्या जागांवरही डल्ला. त्यांना दोन दारं, आपल्याला एकच. तेव्हा ओपनच्या जागा फक्त ओपनवाल्यांना द्या.

मुळात ओपनवाल्यांसाठी राखून ठेवलेल्या जागा असा प्रकारच नाही. 1992 साली इंद्रा साहनी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या 9 न्यायमूर्तींच्या पीठाने हे स्पष्ट केलं होतं: स्वतःच्या गुणांवर खुल्या जागेत आलेला राखीव प्रवर्गातला उमेदवार त्या प्रवर्गाच्या कोट्यात मोजायचा नाही. म्हणून यादी लावताना आधी सगळ्यांना गुणांनुसार एका रांगेत उभं करतात, वरून खुल्या जागा भरतात आणि मग राखीव जागांकडे वळतात. मेसेजमधली मागणी मान्य केली, तर उरलेल्या जागा राखीव नसलेल्या जातींसाठी राखीव होतील. आरक्षणाच्या नावाने बोटं मोडत आणखी एक जातवार आरक्षण मागायचं, हे मेसेज पुढे ढकलणाऱ्यांच्या लक्षात येत नसावं.

असं खरोखर झालं तर काय होतं, ते उत्तर प्रदेशच्या पोलीस शिपाई भरतीत दिसलं. खुल्या महिला गटात निवड झालेल्या शेवटच्या उमेदवाराला 274.8298 गुण होते. एका ओबीसी मुलीला 276.5949 गुण असूनही तिला बाहेर ठेवलं, कारण खुल्या महिलांच्या जागा ओपनच्या मुलींसाठीच आहेत असा अर्थ लावला गेला. जास्त गुण घेऊन ती घरी, कमी गुणांवर दुसरी वर्दीत. डिसेंबर 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा अर्थ चुकीचा ठरवला. आपल्याकडेही हाच घोळ झाला होता. समांतर आरक्षणाबाबतच्या, म्हणजे प्रत्येक प्रवर्गाच्या आत महिला, खेळाडू अशांसाठी ठेवलेल्या जागांबाबतच्या, 2014 च्या परिपत्रकामुळे खुल्या महिला, खेळाडू वगैरे जागांवर मागासवर्गीय उमेदवारांचा विचार होत नव्हता, आणि डिसेंबर 2018 मध्ये शासनाला शुद्धिपत्रक काढावं लागलं. गुणवत्ता, गुणवत्ता म्हणणाऱ्यांनी तरी या मुलीच्या बाजूने उभं राहायला हवं होतं.

आता वयाची सूट. सवलतही घ्यायची आणि ओपनमध्येही यायचं, हा मेसेजमधला सगळ्यात चालणारा मुद्दा. केंद्राच्या भरतीत तो सपशेल खोटा आहे. कार्मिक विभागाचा 1 जुलै 1998 चा आदेश सांगतो की वय, अनुभव, शैक्षणिक पात्रता किंवा परीक्षेच्या संधी यांत शिथिलता घेतलेला उमेदवार राखीव जागेवरच मोजला जाईल. तो किती काटेकोर आहे, ते 2017 च्या एका निकालात दिसतं. पद होतं निर्यात तपासणी परिषदेतल्या प्रयोगशाळा सहायकाचं. वयाची सूट घेऊन अर्ज केलेल्या एका ओबीसी उमेदवाराला 82 गुण मिळाले. ओबीसी जागेवर तिच्यापेक्षा जास्त गुणांची दुसरी उमेदवार बसली. खुल्या गटात तर किमान 70 गुणांची पात्रताही कुणी गाठली नव्हती. तरीही ती खुली जागा तिला मिळाली नाही, आणि सर्वोच्च न्यायालयाने नियमावर बोट ठेवून तिचं अपील फेटाळलं. दोन दारांचं म्हणाल, तर इथे एक दार उघडं असूनही तिला आत घेतलं नाही.

अर्थात हा केंद्राचा नियम झाला. राज्यं आपापले नियम करतात. उत्तर प्रदेशात वयाची आणि फीची सवलत घेतली तरी खुल्या जागेचा हक्क जात नाही अशी तरतूद होती आणि 2010 मध्ये न्यायालयाने ती मान्य केली. म्हणजे एका भरतीचा अनुभव दुसरीला चिकटवता येत नाही, जाहिरातीतली कलमं वाचावीच लागतात. ती वाचायचा कंटाळा मात्र सर्व प्रवर्गांत सारखा आहे.

फीचं तर सोडूनच द्या. यूपीएससीच्या नागरी सेवा परीक्षेला ओबीसी मुलगा ओपनइतकीच फी भरतो; माफी आहे ती महिलांना, एससी-एसटींना आणि दिव्यांगांना.

आणि दोन दारं फक्त मागासवर्गीयांचीच का दिसतात? ईडब्ल्यूएसचा, म्हणजे इतर आरक्षण नसलेल्या जातींतल्या आर्थिक दुर्बल गटाचा उमेदवार गुणांवर वर आला की तोही खुल्या जागेतच जातो. यूपीएससीत त्याला वयाची सूट नाही, पण एमपीएससीत कमाल वय खुल्यांना 38, तर मागासवर्गीयांबरोबर ईडब्ल्यूएसलाही 43 आहे. त्याच्या नावाने असा मेसेज माझ्या तरी पाहण्यात आलेला नाही.

एक जागा खाऊन दुसरीही अडवतात, हेही तसंच. नागरी सेवा परीक्षेत खुल्या गुणवत्तेवर आलेल्या राखीव उमेदवाराने हवी ती सेवा मिळावी म्हणून राखीव जागा घेतली, तर त्याची मोकळी झालेली खुली जागा वाया जात नाही. त्यासाठी आयोग आधीच प्रतीक्षा यादीसारखी एक जादा यादी काढून ठेवतो आणि तिच्यातून खुल्या गटातल्या पुढच्याला बोलावतो. 2010 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ही पद्धत वैध ठरवली.

मेसेजमध्ये खरं काय आहे? जागा कमी आहेत, हे. महाराष्ट्रात जुनं 52 टक्के, ईडब्ल्यूएस 10 आणि 2024 च्या कायद्याने मराठा समाजाला 10, असं धरलं तर खुल्या 28 टक्केच उरतात. त्यावर भांडायला पूर्ण वाव आहे. ओबीसींच्या क्रिमीलेअरची, म्हणजे ज्यांना आरक्षण मिळत नाही त्या सधन गटाची, 8 लाखांची उत्पन्नमर्यादा मोजताना आई-वडिलांचा पगार आणि शेतीचं उत्पन्न धरत नाहीत, यावरही आहे. पण ही भांडणं सरकारच्या दारात घालायची असतात, शेजारच्या टेबलावर रात्री अकरापर्यंत बसलेल्या ओबीसी पोराशी नव्हे.

आयोगांकडे मागायचंच असेल, तर अंतिम यादीत प्रत्येक नावापुढे एक रकाना मागा: वय किंवा संधीची शिथिलता घेतली होती का, हो की नाही. मग कोण कुठल्या जागेवर कसा आला, ते निकालाच्या दिवशीच प्रत्येकाला तपासून पाहता येईल.