तुम्हाला सवय असेल

माझ्या डाव्या दंडाची साल निघून झाली असून उजव्या दंडाची अजून निघते आहे, आणि या दोन्ही सालींचा हिशेब होबार्टच्या एकाच गृहस्थांकडे लागतो, म्हणून हे लिहिणे भाग पडले आहे.

मुलगा ऑस्ट्रेलियात, ॲडलेडला असतो. तिथून उत्तरेला साडेआठशे किलोमीटरवर, वाळवंटाच्या मध्यभागी कूबर पेडी नावाचे, ओपल या रत्नाच्या खाणींचे गाव आहे. १९१५ साली सोने शोधायला निघालेल्या टोळीतल्या विली हचिसन या चौदा वर्षांच्या मुलाला तिथे सोन्याऐवजी ओपल सापडले, तेव्हापासून लोक तिथली जमीन पोखरत आहेत आणि उन्हाला वैतागून त्याच जमिनीच्या पोटात घरे कोरून राहतही आहेत. "बाबा, हे तुम्ही बघायलाच हवे," असे म्हणून चिरंजीवांनी आम्हा उभयतांचे अर्ध्या दिवसाच्या सहलीचे आरक्षण परस्पर करून टाकले. त्याला स्वतःला अर्थातच मीटिंग होती.

सहलीची गाडी म्हणजे एक मिनीबस. डाव्या अंगाला एकेकाचे आसन, उजव्या अंगाला जोडीचे. पडदे नाहीत. वातानुकूलन होते, पण त्याचा वारा पहिल्या दोन रांगांतच संपत असे. गाडी चालवणाऱ्या बाईच गाइड होत्या आणि डोक्याला लावलेल्या माइकमधून बोलत होत्या. निघण्यापूर्वी त्यांनी उन्हाच्या मलमाची मोठी बाटली घेऊन रांगेने सर्वांच्या तळहातावर एकेक पिचकारी सोडली. माझ्यापाशी आल्यावर त्या क्षणभर थांबल्या, माझ्या चेहऱ्याकडे पाहून प्रेमळपणे हसल्या आणि "तुम्हाला नको असेल ना?" असे म्हणून पुढच्या प्रवाशाकडे वळल्या. ज्या देशात १९८१ पासून 'शर्ट चढवा, मलम फासा, टोपी घाला' असे लहान मुलांनासुद्धा गाण्यातून पढवले जाते, त्या देशात मलमावाचून राहिलेले आम्ही दोघेच.

दुपारी गाडी गावाबाहेर पडून उत्तरेच्या रस्त्याला लागली आणि सूर्य डाव्या खिडक्यांत आला. आम्ही उजवीकडे जोडीच्या आसनावर, म्हणजे सावलीत होतो, आणि आमच्या शेजारी डावीकडच्या एकट्या आसनावर सत्तरीचे एक उंच, गुलाबी गृहस्थ बसले होते. त्यांनी प्रथम खिडकीला नकाशा लावून पाहिला, मग टोपी लावून पाहिली आणि शेवटी हात वर केला. गाइड बाईंनी आरशातून सगळ्या प्रवाशांवर नजर फिरवली. एस.टी.चा कंडक्टर भरल्या गाडीत 'याला उठवता येईल' अशा नजरेने ज्याच्याकडे पाहतो, तो मनुष्य मी लहानपणापासून आहे. त्यामुळे ती नजर माझ्यावर येऊन थांबणार हे मला आधीच कळले होते.

"माफ करा," ते गृहस्थ अत्यंत सौजन्याने म्हणाले, "मी होबार्टचा, टास्मानियाचा. आमच्याकडे थंडी. मला हे ऊन सोसत नाही. तुम्हाला सवय असेल."

"अहो, उठा. वयस्कर माणूस आहे," सौ. म्हणाली. मी स्वतः सदुसष्ट वर्षांचा आहे.

मी उठलो. ते गृहस्थ माझ्या जागी, म्हणजे माझ्या पत्नीशेजारी सावलीत स्थानापन्न झाले आणि मी त्यांच्या जागी बसलो. तिथल्या पट्ट्याची कडी इतकी तापली होती की ती लावताना बोटांचे ठसे पुसले गेले असावेत.

इथे एक खुलासा आवश्यक आहे. माझा जन्म महाबळेश्वरचा. शाळेची सगळी वर्षे तिथेच गेली. वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडणाऱ्या त्या गावात आम्ही भिंतींना गवताचे आडोसे बांधून चार महिने अंधारात काढत असू, आणि रात्री अंथरूण शेगडीवर शेकल्याशिवाय आई आम्हाला त्यावर पाठ टेकू देत नसे. कूबर पेडीला वर्षभरात जेमतेम दीडशे मिलिमीटर पडतो. एवढा पाऊस आमच्याकडे जुलैतल्या एखाद्या दिवशी पडला तर त्याची कोणी दखलही घेत नाही. उन्हाची सवय नावाची गोष्ट माझ्या अंगात असण्याचे काही कारणच नाही. हे सर्व मी त्या गृहस्थांना, मधली वाट ओलांडून, चांगल्या इंग्रजीत समजावून सांगितले. एवढेच नव्हे, तर मुंबईचा गव्हर्नर सर जॉन माल्कम याने साताऱ्याच्या छत्रपतींकडून जागा मिळवून आमचे गाव थंड हवेचे ठिकाण म्हणून वसवले, ते गोऱ्या साहेबांना ऊन सोसेना म्हणूनच, आणि आमच्या पेठेला अजून माल्कमचेच नाव आहे, हा ऐतिहासिक पुरावाही दिला.

त्यांनी सगळे मन लावून ऐकले.

"पण ते इंडियातच ना?" त्यांनी विचारले.

"हो."

"मी तरुणपणी इंडियात आलो होतो. आग्रा. जून महिना," ते म्हणाले, आणि डोळे मिटून त्यांनी मान हलवली. यापुढे माझ्या बाजूने मांडण्यासारखे काही उरले नाही. त्यांच्या मनातला संपूर्ण भारत हा जून महिन्यातला आग्रा होता आणि त्यात महाबळेश्वर बसवायला जागा नव्हती. उलट मी नम्रपणामुळे स्वतःची सहनशक्ती लपवतो आहे, असा त्यांचा समज झालेला दिसला. दरम्यान सौ.ने पिशवीतून डबा काढून त्यांना खोबऱ्याच्या वड्या दिल्या. आणलेल्या मोजक्याच होत्या.

बाहेर दोन्ही बाजूंना खाणींतून उपसलेल्या पांढुरक्या मातीचे ढीग पसरले होते. जुने खड्डे बुजवलेले नाहीत, ते तसेच तोंडे उघडून पडले आहेत, आणि म्हणून जागोजाग पाट्या लावल्या आहेत: धावू नका, उलटे चालू नका. फोटो काढताना 'जरा मागे, अजून जरा मागे' म्हणणाऱ्या आपल्या समाजाला हे गाव मुळीच सुरक्षित नाही.

पुढे ब्रेकअवेज नावाच्या टेकड्या आल्या. स्थानिक आदिवासी त्या जागेला कांकू म्हणतात आणि पवित्र मानतात. दृश्य खरोखरच सुंदर आहे. तांबड्या, पिवळ्या, पांढऱ्या रंगांच्या सपाट डोक्याच्या टेकड्या सुट्या सुट्या उभ्या आहेत आणि त्यांच्यापलीकडे क्षितिजापर्यंत काहीही नाही. अकरा-बारा कोटी वर्षांपूर्वी इथे समुद्र होता, असे गाइड बाईंनी सांगितले. त्या पाण्याचा आता उरलेला एकमेव अंश प्रवाशांच्या डोळ्यांत असतो, आणि तो प्यायला माश्या येतात. मी अतिशयोक्ती करत नाही. तिथल्या माशीला माणसाच्या डोळ्यांतला, नाकातला आणि घामातला ओलावाच हवा असतो. ती चावत नाही, पण हाकलल्यावर हलतही नाही. तिच्यासाठी टोपीवरून मानेपर्यंत येणारी काळी जाळी विकत मिळते. होबार्टच्या गृहस्थांकडे ती होती. आमच्याकडे सौ.ची ओढणी होती, आणि ती सौ.ने घेतली होती.

त्या कड्यावर उभे राहून गृहस्थ मला कोरडी उष्णता आणि दमट उष्णता यांतला भेद समजावून सांगू लागले. बोलता बोलता माझ्या लक्षात आले की त्यांच्या जाळीच्या आत एक माशी आहे. एकच, पण चांगली पोसलेली. ती प्रथम त्यांच्या डाव्या भुवईवर बसली. मग नाकाच्या दांड्यावरून सावकाश खाली उतरली, शेंड्यावर थांबून तिने पुढचे पाय एकमेकांवर चोळले आणि ओठाच्या कोपऱ्यात जाऊन स्थिरावली. गृहस्थांनी बाहेरून जाळीवर चापट मारली. बाहेरच्या चार माश्या उडाल्या, आतली नाही. त्यांनी फू केले. ती गालावर गेली. "कोरड्या हवेत घाम लगेच वाळतो, त्यामुळे माणसाला त्रास जाणवत नाही," असे ते सांगत होते आणि माशी त्यांच्या डोळ्याच्या कडेशी पाणी पीत होती. बाहेरून होणाऱ्या हल्ल्यापासून त्या जाळीने तिला पूर्ण संरक्षण दिले होते.

"अहो, सांगा ना त्यांना, माशी आत आहे," सौ. मराठीत म्हणाली.

"त्यांना सवय असेल," मी म्हणालो.

तेवढ्या बोलण्याने मला जे समाधान मिळाले, तेच या सहलीचे माझ्या बाजूचे एकमेव उत्पन्न.

तिथून गाडी डिंगोच्या कुंपणापाशी गेली. दक्षिणेकडच्या मेंढ्या रानकुत्र्यांपासून वाचवण्यासाठी घातलेले हे जाळीचे कुंपण सुमारे ५,६०० किलोमीटर लांब आहे. लांबीमुळेच ते प्रेक्षणीय ठरते, आणि लांबी काही दिसत नाही; दिसते ती साधी तारेची जाळी आणि तिच्याकडे आदराने पाहणारे पर्यटक. तिथे गृहस्थांना नवा मुद्दा सुचला. या वाळवंटात उंट आणले ते तुमच्याच लोकांनी, असे ते म्हणाले. वस्तुतः हे खरे आहे. १८६० मध्ये ऑस्ट्रेलिया ओलांडायला निघालेल्या बर्क आणि विल्स यांच्या मोहिमेसाठी कराचीहून दोन डझन उंट जहाजाने आणले होते, आणि पुढे सिंध, बलुचिस्तान, पंजाब, अफगाणिस्तान इथल्या उंटवाल्यांनीच रेल्वे येईपर्यंत या भागाचा सगळा माल वाहिला. सरसकट सर्वांनाच 'अफगाण' म्हणून टाकले गेले आणि आता त्या नावाचा 'घान' हा तुकडा एका महागड्या रेल्वेगाडीला लावला आहे. पण त्या कर्तबगार माणसांच्या श्रमांचे पुण्य माझ्या कातडीत कसे उतरणार? मी जनावरावर बसलो तो वेण्णा तलावापाशी, घोड्यावर, आणि तेही बाबांनी लगाम धरला होता म्हणून.

कुंपणापासून परतीचा रस्ता नैर्ऋत्येकडे वळतो. सूर्य एव्हाना पश्चिमेला कलला होता, म्हणजे आता ऊन उजव्या खिडक्यांत येणार होते. मी ते हिशेबाने ताडले आणि डावीकडच्या एकट्या आसनावर आनंदाने जाऊन बसू लागलो. तोच गृहस्थांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"नको, नको," ते भरल्या आवाजात म्हणाले. "माझ्यामुळे तुमची आणि तुमच्या पत्नीची ताटातूट झाली, याचे मला वाईट वाटते. आता आपापल्या मूळ जागांवर बसू."

"किती समजूतदार आहेत," सौ. म्हणाली, आणि उरलेली वडी तिने त्यांना दिली.

मी उजव्या खिडकीशी बसलो. मून प्लेन नावाचे एक झाडसुद्धा नसलेले मैदान माझ्या उजव्या दंडावरून अर्धा-पाऊण तास सरकत राहिले. गृहस्थ सावलीत घोरत होते.

मला जे खरोखर लागले, ते ऊन नव्हे. आमचे तिकीट इतरांएवढ्याच किमतीचे होते. गाडीत कोणीतरी उन्हात बसणारच होते, हेही मला मान्य आहे; चिठ्ठ्या टाकल्या असत्या, पाळी लावली असती, तर मी तक्रार केली नसती. पण कोणाला विचारायचे, हा प्रश्न त्या गाडीत कोणाला पडलाच नाही, आणि सगळे इतक्या गोडीने झाले की रागावलो असतो तर असभ्य मीच ठरलो असतो. अपमान करणारा मनुष्य उद्धट असला की निदान भांडता तरी येते.

शेवटी गावातले सर्बियन चर्च दाखवले. खडकात कोरलेले, उंच कमानीचे, भिंतींवर संतांच्या आकृती. आत बारमाही तेवीस-चोवीस अंशांचा गारवा असतो. मी एका बाकावर बसून दोन्ही दंड थंड भिंतीला लावायच्या विचारात होतो, तोच गृहस्थ जवळ आले आणि काळजीने म्हणाले, "तुम्हाला इथे थंडी वाजत असेल."

उरलेला वेळ ओपलच्या दुकानात गेला. चर्चला जेवढा वेळ दिला, त्याच्या तिप्पट दुकानाला.

घरी आल्यावर मी कंपनीला पत्र लिहिले. उत्तर तत्परतेने आले: आसने क्रमांकित नसतात, प्रवासी परस्पर सद्भावनेने बसतात, आणि आपण दाखवलेल्या सद्भावनेबद्दल आभार. त्यावर मी गाडीचा आराखडा काढून, सूर्याची दिशा जातानाची आणि येतानाची वेगवेगळ्या शाईने दाखवून, दुसरे पत्र पाठवले. त्याला अजून उत्तर नाही. दरम्यान अभिप्राय मागणारा संदेश मुलाच्या फोनवर गेला, कारण आरक्षण त्याच्या नावावर होते, आणि त्याने मीटिंग चालू असतानाच पाच तारे देऊन खाली लिहिले: 'आईबाबांना फार आवडले. कर्मचारी अतिशय प्रेमळ.'